भिशी, नोटा आणि नऊचा पाढा

मराठीच्या तासाला 'निःशेष' हा शब्द आला की मी त्याच्याजवळ थोडा रेंगाळतो. कवी प्रेमात निःशेष होतो, भक्त देवापुढे निःशेष होतो. पण या शब्दाला खरे कामाला लावले ते गणिताच्या मास्तरांनी. अठराला नऊने निःशेष भाग जातो, म्हणजे काय? तर वाटणी झाली, सगळ्यांच्या पानात सारखे पडले, आणि भांडायला ताटात काही उरले नाही! एवढी सुखाची कल्पना भल्याभल्या कवींना सुचलेली नाही. उरलेच काही, तर त्याचे नाव शेष. पुराणातल्या शेषाने पृथ्वी डोक्यावर घेतली. आमच्या इमारतीतल्या शेषाने या वर्षी घर डोक्यावर घेतले. ती हकीकत सांगण्यासारखी आहे.

आमच्या इमारतीत बायकांची एक भिशी चालते. भिशी म्हणजे काय हे मराठी घरात सांगायला नको. पण एखादा नवा जावई सासुरवाडीच्या फराळाबरोबर हा अंक चाळत असेल, तर त्याच्यासाठी सांगतो. सभासद नऊ जणी. प्रत्येकीने दरमहा दोन हजार काढायचे, जमलेले अठरा हजार एकीला द्यायचे, आणि असे नऊ महिने चालवायचे. सरतेशेवटी प्रत्येकीला आपलेच अठरा हजार परत मिळतात. व्याज नाही, नफा नाही. प्रश्न असतो तो एवढाच, की कोणाला कधी. आणि गरजवंताला हा 'कधी' फार मोठा असतो.

या नऊ जणींत आमच्याकडे आणि आणखी तीन घरी पोळ्यांना येणाऱ्या मावशी आहेत. त्यांची मुलगी नर्सिंगला आहे आणि तिच्या फीचा हप्ता जूनच्या आरंभी भरायचा होता. भिशी पाडव्यानंतर सुरू झाली. एप्रिलमध्ये पहिली चिठ्ठी निघाली ती पहिल्या मजल्यावरच्या काकूंच्या नावाची. भिशी काकूंचीच, चिठ्ठ्या त्यांनीच लिहिलेल्या, त्यांच्याच स्टीलच्या डब्यात घातलेल्या. काकू सचोटीच्या आहेत. पाच रुपयांचे सुटे राहिले तर जिना चढून आणून देतील. तेव्हा कोणी काही बोलले नाही. पण दुसऱ्या दिवशी कणीक मळता मळता मावशी हिला म्हणाल्या, "वहिनी, पुढल्या महिन्यापासून माझं नाव काढा. काकू वाईट आहेत असं नाही म्हणत मी. पण चिठ्ठी घडी कोणी केली, हात कोणी घातला, मला काय कळतंय? तुम्ही सगळ्या शिकलेल्या. माझ्या वाट्याला नुसतं बघत बसणं."

या बोलण्याचे उत्तर ना हिच्याजवळ होते, ना माझ्याजवळ. ते निघाले आमच्या कन्येकडून, आणि तेही अभ्यास टाळण्याच्या निमित्ताने. ती दहावीला आहे. दहावीच्या गणितात 'संभाव्यता' नावाचे एक प्रकरण असते. त्या रात्री ती एका उदाहरणावर कुरकुरत होती: १ ते १०० क्रमांकांची कार्डे पेटीत आहेत, एक उचलले तर त्यावरच्या संख्येला ३ ने भाग जाण्याची संभाव्यता किती? तिने घाईने एक तृतीयांश लिहिले होते आणि पुस्तकाचे उत्तर शंभरात तेहतीस होते. शंभरात तीनाच्या तेहतीस जोड्या पुऱ्या बसतात आणि एक कार्ड उरते. त्या उरलेल्या एकाने सारी गंमत बिघडवली. कार्डे नव्याण्णवच असती तर उत्तर चोख एक तृतीयांश आले असते. "म्हणजे न्याय व्हायचा असेल तर ढिगाला निःशेष भाग गेला पाहिजे!" कन्या म्हणाली, आणि पुढच्याच क्षणी, "आई, तुमच्या भिशीत नऊ जणी ना? मग चिठ्ठ्या कशाला? नोटेचा नंबर घ्या."

तिची योजना अशी. प्रत्येकीला एक ते नऊ असा क्रमांक द्यायचा. एक नोट काढायची. नोटेवर अक्षरांपुढे सहा अंक असतात, त्यांची बेरीज करायची. बेरजेच्या अंकांची पुन्हा बेरीज करायची. एकच अंक राहीपर्यंत करत राहायचे. तो अंक जिचा, तिची भिशी. समजा, नोट आहे ३४७२८६. तीन, चार, सात, दोन, आठ, सहा मिळून तीस; तीन आणि शून्य तीन. झाले! मावशींना बेरीज येते. भाजीवाल्याची तर त्या तोंडी तपासतात.

नऊची ही कसोटी आपण सहावीत पाठ करतो आणि सातवीत विसरतो. ती का चालते हे कोणी विचारत नाही. पैशांतच समजून घेऊ. दहाची एक नोट नऊ जणींत वाटा: प्रत्येकीला एक रुपया, उरला एक. शंभराची वाटा: प्रत्येकीला अकरा, उरला एक. हजार वाटा: एकशे अकरा, उरला एकच. लाख वाटा, तरी एकच. म्हणजे ३४७२८६ या रकमेतले तीन लाख मागे तीन रुपये ठेवतात, चार दहाहजारी चार ठेवतात, सात हजार सात. नि असे उरलेले सगळे गोळा केले तर ती अंकांची बेरीजच होते. तीस रुपये उरले, ते पुन्हा नऊ जणींत वाटले, तीन उरले. एक अंकी बेरीज म्हणजे नऊने भागल्यावर उरलेला शेष. फक्त काही उरले नाही तर आपण शून्याऐवजी नऊ म्हणतो.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी ही योजना काकूंच्या दिवाणखान्यात मांडली गेली. मुख्य आक्षेप आला तळमजल्यावरच्या काकांकडून. काका बँकेतून निवृत्त झालेले आहेत. ते म्हणाले, "माझ्या बायकोचा क्रमांक नऊ आहे, म्हणून मीच आधी सांगून टाकतो. ही पद्धत नऊला झुकतं माप देते."

त्यांचा मुद्दा वाटण्यावारी नेण्यासारखा नव्हता. सापशिडीचे दोन फासे टाका. बेरीज दोन यायची तर एकच प्रकार, एक आणि एक; पण सात सहा प्रकारांनी येते. मधल्या बेरजा नेहमीच जास्त पडतात. सहा अंकांचेही तसेच. बेरीज १ येणाऱ्या नोटा सहाच; बेरीज ५४ येणारी एकच, ती सगळे नऊ असलेली. गर्दी असते ती मधे, सत्तावीसच्या आसपास. आणि सत्तावीस म्हणजे दोन आणि सात, नऊ! सर्वांत जास्त येणारी बेरीज नऊच्या पदरात पडते, मग नऊ क्रमांकाच्या बाईंचा फायदा नाही का?

खोलीत शांतता पसरली. काकूंनी चहा ठेवायला म्हणून उठण्याची संधी साधली.

कन्येने दोन उत्तरे दिली. पहिले तिने तोंडी सांगितले. नोटा एकापासून ओळीने मांडा. निकालाचे अंक येतील एक, दोन, तीन, असे नऊपर्यंत. दहाव्या नोटेचा पुन्हा एक, अकराव्या नोटेचा दोन, अठराव्याचा नऊ. नऊच्या पाढ्याच्या तालावर हे रांगेने चालू राहते आणि कोणाचा नंबर चुकत नाही. शेवटची नोट ९९९९९९. या संख्येला नऊने निःशेष भाग जातो, भागाकार १,११,१११. (सहा शून्ये असलेली नोट मी तरी कधी पाहिलेली नाही.) म्हणून प्रत्येकीच्या वाट्याला बरोबर १,११,१११ नोटा. एकीला कमी नाही, एकीला जास्त नाही.

काकांचे समाधान झाले नाही. बँकेतल्या माणसाला एकूण जमा चालत नाही, खातेनिहाय लागते. तेव्हा कन्येने संगणकाला मोजायला बसवले आणि दुसरे उत्तर कागदावर आणले. सत्तावीस बेरीज येणाऱ्या नोटा खरेच भरपूर निघाल्या, ५५,२५२. पण नऊच्या खात्यात बाकीच्या कोणत्या बेरजा जमा होतात? अठराच्या २५,९२७, छत्तीसच्याही तितक्याच, नवाच्या २,००२, पंचेचाळीसच्याही २,००२, आणि चोपन्नची ती एकटी. बेरीज करून पाहा: १,११,१११. आता एक क्रमांकाचे खाते घ्या. त्यात अठ्ठावीस आहे, ५४,७४७, एकोणीस आहे, ३०,४९२, सदतीस, २१,५८२, दहा, २,९९७, शेहेचाळीस, १,२८७, आणि बेरीज एक असलेल्या त्या सहा. पुन्हा १,११,१११! नऊच्या घरात एक मोठ्या पगाराचा आणि दोघे एकसारख्या पगाराचे. एकच्या घरात तिघांचे तीन वेगळे पगार. महिनाअखेर दोन्ही घरांची जमा पैशापैशाने सारखी. काकांनी चष्मा काढून पुसला, पुन्हा घातला, कागदावर स्वतः बेरीज केली आणि खाली सही केली. का केली ते विचारू नका.

या ५५,२५२ चे रशियात मोठे कौतुक आहे. तिथल्या बस-ट्रामच्या तिकिटांवर सहा अंक असत, आणि पहिल्या तीन अंकांची बेरीज शेवटच्या तिनांच्या बेरजेइतकी आली तर ते तिकीट सुदैवी मानत. काहीजण ते चक्क खाऊन टाकत! अशी सुदैवी तिकिटेही नेमकी ५५,२५२. शेवटचे तिन्ही अंक नवातून वजा केले की प्रत्येक सुदैवी तिकिटाची बेरीज सत्तावीस होते, म्हणून दोन्ही मोजण्या एकच. साधारण अठरा तिकिटांत एक. एवढ्या वारंवार येणाऱ्या सुदैवाला सुदैव म्हणावे की महिन्याचा पास, हा प्रश्न वेगळा.

मग सूचनांचा पाऊस पडला. चौथ्या मजल्यावरच्या वहिनी म्हणाल्या, नोटेवरचे अंक उलटसुलट करून घेऊ, म्हणजे अधिक निष्पक्ष होईल. अंक कसेही फिरवा, बेरीज तीच राहणार. इथे मला आमच्या भास्कराचार्यांची आठवण झाली. 'लीलावती'त अंकपाश नावाचे प्रकरण आहे. दोनपासून नऊपर्यंतचे आठ अंक घेऊन किती वेगवेगळ्या संख्या होतील, असे ते त्यात विचारतात. उत्तर आहे ४०,३२०. भास्कराचार्यांनी पुढे त्या सगळ्या संख्यांची बेरीज विचारली आहे. पण आपण विचारू, की त्यांतली एक संख्या डोळे मिटून उचलली तर तिला नऊने भाग जाण्याची संभाव्यता किती? शून्य. त्या आठ अंकांची बेरीज चव्वेचाळीस, म्हणजे शेष आठ, मग ते कोणत्याही क्रमाने लिहा. चाळीस हजार संख्या तपासायला बसण्याऐवजी एक बेरीज केली की संपले. या अंकांत एक मिळवा, बेरीज पंचेचाळीस होते, आणि आता कोणतीही मांडणी करा, नऊने भाग जाणारच. विभाज्यतेची कसोटी आपल्याला हेच सांगते, की संख्येतले काय पाहायचे आणि काय सोडून द्यायचे. नऊ आणि तीन क्रमाकडे पाहत नाहीत. दोन, पाच आणि दहा फक्त शेवटच्या अंकाकडे पाहतात. चार शेवटच्या दोघांकडे. मग शक्यता मोजायला लाखो संख्यांचा ढीग लागत नाही, मूठभर पुरतात.

दुसरी सूचना: बेरजेऐवजी गुणाकार करू. ही मात्र घातक होती. सहा अंकांच्या गुणाकाराला तीनने भाग जायला एकच शहाणा पुरतो. ०, ३, ६, ९ यांपैकी एक जरी अंक आला तरी काम झाले. दहातले हे चार. ते सहाही वेळा टळण्याची शक्यता शंभरात पाचसुद्धा नाही. म्हणजे शंभरात पंचाण्णव वेळा भिशी तीन, सहा, नऊ या तिघींतच फिरली असती.

तिसरी सूचना वरवर अगदी निरागस होती, आणि तीच सर्वांत फसवी. काकूंना पैसे मिळून गेले आहेत. त्यांचा क्रमांक एक. आता मे महिन्यात निकाल एक आला तर काय करायचे? "पुढच्या नंबरला द्यायचे," एक आवाज आला. आवाज क्रमांक दोनचा होता. पण त्यात हेतू नव्हता, आपण रांगेत असेच बोलतो. कन्येने बोटांवर दाखवले: असे केले तर दोन क्रमांकाला नवात दोन संधी आणि बाकी प्रत्येकीला एकच. पुढे एक, दोन, तीन अशा लागोपाठ तिघी मिळून मोकळ्या झाल्या, तर चारला नवात चार! न्याय्य उपाय एकच: मिळून गेलेलीचा अंक आला तर तो निकाल रद्द, पुन्हा काढायचे. वेळ जाईल; आठव्या महिन्यात तर दोघीच उरतील आणि नवात सात वेळा निकाल फुकट जाईल. पण उरलेल्यांत संधी सारखी राहील.

आता एवढे सगळे होईपर्यंत मावशी दाराशी बसून ऐकत होत्या. त्यांनी एकच प्रश्न विचारला, आणि मला वाटते, त्या संध्याकाळचा खरा प्रश्न तोच होता.

"नोट कोण आणणार?"

सगळे गणित चोख, पण नोट आणणारीने घरीच बेरीज करून आणली तर? गणिताच्या पुस्तकात 'समसंभाव्य' हा एक शब्द लिहून हा प्रश्न मिटवतात. पेटीत हात घालणाऱ्याची दानत तपासायला पुस्तकाला सवड नसते.

उत्तर मिळायला दोन दिवस लागले, आणि ते पुन्हा शेषानेच दिले. नोट एकीने आणायची नाही, नऊही जणींनी आणायची. प्रत्येकीने आपली नोट ताटात पालथी ठेवायची. सगळ्या ठेवून झाल्या की मगच उलटायच्या, प्रत्येक नोटेचा एक अंक काढायचा, आणि त्या नऊ अंकांची पुन्हा एक अंकी बेरीज. समजा, आठ जणींनी कट केला आणि त्यांच्या अंकांची बेरीज पाच करून आणली. नववीची नोट तिच्या पाकिटातून सहज निघालेली आहे. तिचा अंक एक ते नऊ काहीही असू शकतो, सारख्याच शक्यतेने. एक असेल तर निकाल सहा, दोन असेल तर सात, आणि असे फिरत फिरत नऊ असेल तर पाच. प्रत्येक निकाल एकदाच. म्हणजे आठ जणींचा कट एकीच्या साध्या नोटेने धुळीला मिळतो! बेइमानीला इथे बहुमत पुरत नाही. आणि ती एक प्रामाणिक बाई आपण स्वतः असलो की दुसऱ्या कोणावर विश्वास ठेवायचीही गरज नाही.

मी मराठीचा मास्तर; पण त्या रात्री घरातली गणिताची पुस्तके चाळताना पास्कल भेटला. फ्रान्सचा हा तत्त्वज्ञ. जुगाराचा डाव अर्ध्यावर मोडला तर पणाचे पैसे दोघांत न्यायाने कसे वाटावे, या प्रश्नावर त्याने १६५४ साली फर्मा या दुसऱ्या गणितज्ञाशी पत्रव्यवहार केला, आणि संभाव्यतेच्या शास्त्राचा आरंभ तिथून धरतात. ही गोष्ट बहुतेकांना ठाऊक असते. पण त्याच सुमारास त्याने एक छोटा लॅटिन निबंधही लिहिला होता: नुसत्या अंकांच्या बेरजेवरून संख्येला कशाने भाग जातो ते कसे ओळखावे! नऊच काय, कोणत्याही भाजकासाठी कसोटी कशी बनवावी, हे त्यात सांगितले आहे. तो १६६२ साली, एकोणचाळिसाव्या वर्षी वारला. निबंध प्रसिद्ध झाला १६६५ मध्ये. आमच्या काकूंच्या दिवाणखान्यात जे दोन विषय एका ताटात आले, ते त्याच्या टेबलावर आधीच शेजारी पडलेले होते.

मे महिन्याच्या सोडतीला मी मुद्दाम हजर राहिलो. पितळेच्या ताटात नऊ नोटा पालथ्या पडल्या. मावशींची वीस रुपयांची, चार घड्या पडलेली. उलटल्यावर अंक आले ते असे: तीन, आठ, एक, नऊ, पाच, पाच, दोन, सात, एक. मावशी बोटांच्या पेरांवर मोजत होत्या आणि सर्वांच्या आधी त्याच म्हणाल्या, "एक्केचाळीस. पाच."

त्यांचा क्रमांक चार होता.

एका अंकाने हुकले, असे कोणीतरी हळहळून म्हणालेही. पण चार आणि पाच शेजारी असतात ते पाढ्यात, सोडतीत नाही. पाच आला काय आणि आठ आला काय, मावशींना जून महिना सारखाच जड होता. जिना उतरताना ही त्यांना काही समजूत घालू लागली, तर त्या म्हणाल्या, "नाही आला तर नाही आला, वहिनी. मी मोजला ना!" फीचा हप्ता त्यांनी दोन घरांतून उचल घेऊन भरला. ऑगस्टमध्ये चार आला, तेव्हा ती उचल फिटली आणि उरलेल्यातून मुलीचे पांढरे बूट आले. नाव काढून टाकण्याचा विषय पुन्हा निघाला नाही. उलट आता ताट मांडायचे कामही मावशींकडेच आहे.

पुढच्या पाडव्यापासून नवी भिशी सुरू होईल आणि तिच्यात अकरा जणी यायच्या म्हणतात. अकराला नुसती बेरीज चालत नाही. दहा हा अकराला एक कमी, शंभर हा नव्याण्णवपेक्षा एक जास्त, हजार पुन्हा एक कमी. म्हणून उजवीकडून अंक एकाआड एक मिळवायचे आणि वजा करायचे. ३४७२८६ मध्ये सहा, दोन आणि चार मिळवा, बारा. आठ, सात आणि तीन वजा करा, अठरा. झाले उणे सहा. त्यात अकरा मिळवले की शेष पाच. मावशींचा यावर सराव चालू आहे. सुदैवाने ९९९९९९ ला अकरानेही निःशेष भाग जातो, प्रत्येकीच्या वाट्याला ९०,९०९ नोटा. मात्र गेल्या आठवड्यात गच्चीशेजारच्या नव्या बिऱ्हाडातल्या ताईंनी बारावी म्हणून नाव दिले आहे, आणि बाराने भागले की तीन उरतात. म्हणजे तिघींच्या वाट्याला ८३,३३४ नोटा आणि नऊ जणींच्या वाट्याला ८३,३३३. तळमजल्यावरचे काका लेखी हरकत तयार करत आहेत.